अ‍ॅस्टेरिक्स तोच, केरमिटही तोच!

१९७० च्या दशकाच्या शेवटी फ्रान्समध्ये वाढणारं आठ-दहा वर्षांचं पोर काय काय ऐकत असेल? टीव्हीवर ‘मपेट शो’ लागलाय आणि केरमिट नावाचा हिरवा बेडूक पाहुण्यांची ओळख करून देतोय. दुसऱ्या चॅनेलवर पायापर्यंत दाढी वाढलेला माएस्त्रो नावाचा म्हातारा माणसाच्या जन्मापासूनचा इतिहास सांगतोय. थिएटरात ‘स्टार वॉर्स’ आलाय, त्यातला सोनेरी यंत्रमानव जरा खुट्ट झालं की घाबरून कुरकुरतोय. ‘जंगल बुक’मधला का अजगर मोगलीला गुंगी आणतोय. आणि अ‍ॅस्टेरिक्स तर काय, घरचाच!

बेडूक, म्हातारा, यंत्रमानव, अजगर आणि टोपीला पंख लावलेला इटुकला योद्धा. हे सगळे आवाज एकाच गळ्यातून निघाले. त्या गळ्याच्या मालकाचं नाव रॉजे कारेल.

जन्म १४ ऑगस्ट १९२७, पॅरिस. खरं आडनाव बांशारेल. रंगमंचासाठी ते बदलून सुटसुटीत ‘कारेल’ केलं. मृत्यू ११ सप्टेंबर २०२०, शारांत भागातल्या एग्र गावी, वयाच्या ९३ व्या वर्षी. मधल्या काळात नाटक, रेडिओ, सिनेमा, टीव्ही आणि डबिंग असं सगळं केलं. पडद्यावर चेहऱ्यानिशीही तो बऱ्याचदा दिसला, पण घरोघरी पोचला तो आवाजानं.

अ‍ॅस्टेरिक्स एक, ओबेलिक्स चार

रने गॉसिनी आणि अल्बेर उदेर्झो या जोडीच्या चित्रकथांमधला अ‍ॅस्टेरिक्स कागदावरून पडद्यावर पहिल्यांदा आला १९६७ मध्ये. त्या चित्रपटाची कथा पडद्यामागे जास्त रंगली. ब्रसेल्सच्या बेलव्हिजन स्टुडिओनं तो बनवला, तोही लेखक-चित्रकाराला अंधारात ठेवून! चित्रपट बघून दोघंही नाराज झाले. त्याच स्टुडिओत पुढचा चित्रपट सुरू झाला होता, तो त्यांनी थांबवायला लावला. १९६८ च्या ‘अ‍ॅस्टेरिक्स आणि क्लिओपात्रा’ची सूत्रं त्यांनी स्वतःच्या हाती घेतली.

एवढ्या नाराजीतून एक गोष्ट मात्र सहीसलामत सुटली. ती म्हणजे अ‍ॅस्टेरिक्सचा आवाज. कारेल तेव्हा चाळिशीत होता. नंतर १९७६, १९८५, १९८६, १९८९, १९९४, २००६ आणि शेवटी २०१४. एकूण नऊ अ‍ॅनिमेशन चित्रपट आणि नऊही चित्रपटांत अ‍ॅस्टेरिक्स बोलला तो कारेलच्याच आवाजात. स्टुडिओ बदलले, दिग्दर्शक बदलले, हातानं रंगवलेली चित्रं जाऊन कॉम्प्युटर आला. आवाज बदलला नाही.

त्याचा जिगरी दोस्त ओबेलिक्स, बिचाऱ्याच्या नशिबी हे स्थैर्य नव्हतं. पहिल्या दोन चित्रपटांत जाक मॉरेल, नंतरच्या पाचांत पिएर तॉर्नाद, २००६ मध्ये जाक फ्रांत्झ आणि २०१४ मध्ये गिओम ब्रिया. यातला फ्रांत्झ म्हणजे फ्रेंच प्रेक्षकांचा रॉबर्ट डी नीरो आणि मेल गिब्सनही. सत्तेचाळीस वर्षांत जिगरी दोस्ताचा आवाज तीनदा बदलला आणि प्रत्येक वेळी कारेलनं नव्या गड्याशी तीच जुनी मैत्री जमवून दाखवली. ऐकताना कुठेही सांधा जाणवत नाही, आणि मला त्याच्या कारकिर्दीतली ही सर्वांत अवघड कामगिरी वाटते.

२०१४ चा ‘देवांचं निवासस्थान’ हा त्याचा शेवटचा अ‍ॅस्टेरिक्स. लुई क्लिशी आणि आलेक्सांद्र आस्तिए यांचा हा चित्रपट फ्रान्समध्ये लागला तेव्हा कारेल ८७ वर्षांचा होता. गावात सगळ्यांत चपळ, सगळ्यांत हजरजबाबी असा तो प्राचीन फ्रान्समधला छोटा गॉल, आणि त्याच्यातून बोलणारा माणूस नव्वदीकडे झुकलेला!

परवाना अ-३८

कारेलचा एकच प्रसंग ऐकायचा असेल तर १९७६ चा ‘अ‍ॅस्टेरिक्सच्या बारा कामगिऱ्या’ लावा. ज्युलियस सीझर या गॉल लोकांना बारा अशक्य कामं देतो. त्यातलं आठवं काम ऐकायला अगदी साधं : एका सरकारी इमारतीत जायचं आणि अ-३८ क्रमांकाचा परवाना घेऊन यायचं.

मग सुरू होतो जो खेळ, तो आपल्याला समजावून सांगायची गरजच नाही. एका खिडकीवर गेलं की दुसरी खिडकी. दुसऱ्या खिडकीवर म्हणतात, आधी अमुक रंगाचा फॉर्म आणा. फॉर्मसाठी वरचा मजला. वर गेलं की चौकशी तळमजल्यावर. जिने चढून-उतरून दोघांचं डोकं फिरायची पाळी येते. शेवटी अ‍ॅस्टेरिक्स शुद्धीवर येतो आणि त्यांचंच शस्त्र त्यांच्यावर उलटवतो. तो शांतपणे परवाना अ-३९ मागायला लागतो, ‘नवीन परिपत्रक ब-६५’ प्रमाणे. असा परवाना नसतोच! असं परिपत्रकही नसतं. पण ‘परिपत्रक’ हा शब्द ऐकताच अख्खी इमारत हादरते. कारकून एकमेकांना विचारत सुटतात, फायली उपसतात, जिन्यांवरून धावतात आणि स्वतःच वेडे होतात. त्या गोंधळात वरिष्ठ साहेब अ-३८ हातात ठेवून मोकळा होतो.

या प्रसंगात कारेलचा आवाज कसा पायरीपायरीनं चढतो, ते लक्ष देऊन ऐकावं. पहिल्या खिडकीशी तो सज्जन नागरिक आहे. तिसऱ्या-चौथ्या खिडकीशी शब्द तेच, पण दात आवळलेले. मग किंकाळी. आणि अ-३९ मागताना परत गुळगुळीत सभ्यपणा, आता मात्र आत डाव शिजतोय. फ्रेंच भाषा न कळणाऱ्यालाही हा प्रवास नुसत्या स्वरावरून कळतो. फ्रान्समध्ये ‘परवाना अ-३८’ हे नाव आजही सरकारी हेलपाट्यांसाठी सर्रास वापरतात. हा चित्रपट काढण्यासाठी गॉसिनी-उदेर्झोंनी स्वतःचा स्टुडिओच उभारला होता आणि त्याला नाव दिलं होतं ओबेलिक्सच्या कुत्र्याचं, इदेफिक्स. पुढच्याच वर्षी, १९७७ मध्ये, गॉसिनी गेला.

क्लिओपात्रा झाली मिस पिगी

ही गोष्ट कळली तेव्हा मी टाळीच वाजवली. १९६८ च्या चित्रपटात इजिप्तच्या महाराणीला आवाज होता मिशलिन दाक्स या अभिनेत्रीचा. ही बाई आवाजासाठी तर प्रसिद्ध होतीच, शिवाय शीळ वाजवण्यातही तिचा हातखंडा होता. दहाएक वर्षांनी ‘मपेट शो’चं फ्रेंच रूप आलं. त्यात केरमिटच्या मागे हात धुवून लागलेल्या मिस पिगीचा आवाज कुणाचा? मिशलिन दाक्सचा. आणि केरमिट म्हणजे आपला कारेल.

म्हणजे क्लिओपात्राच्या दरबारात अदबीनं उभा असलेला अ‍ॅस्टेरिक्स पुढे बेडूक झाला आणि महाराणी डुकरीण होऊन त्याच्या गळ्यात पडू लागली!

चित्राखालची पळती पट्टी

इथे जरा स्टुडिओत डोकावू या, कारण फ्रेंच डबिंगची रीत मोठी देखणी आहे.

अनेक देशांत कलाकार कानाला हेडफोन लावतो, मूळ वाक्य ऐकतो, ओठ बघतो आणि बोलतो. फ्रान्समध्ये पडद्यावर चित्राच्या खाली संवादांची एक पट्टी आडवी सरकत असते. तिला म्हणतात ‘बांद रित्मो’, म्हणजे तालाची पट्टी. तिच्यावर एक उभी रेघ असते. शब्द सरकत सरकत त्या रेघेपाशी आला की तो तोंडातून बाहेर पडला पाहिजे, ना क्षणभर आधी, ना नंतर. पात्र सावकाश बोलत असेल तर पट्टीवरची अक्षरं लांब ताणलेली असतात. घाईत बोलत असेल तर दाटीवाटीनं लिहिलेली. श्वास, हसू, उसासा यांच्यासाठीही खुणा असतात.

कॉम्प्युटर येण्याआधी ही सगळी पट्टी फिल्मवर हातानं, शाईनं लिहिली जायची. त्यासाठी सुंदर अक्षराची माणसं असत. त्यांच्या आधी आणखी एक माणूस चित्रपट तुकड्यातुकड्यानं बघून पात्राचे ओठ नेमके कुठे मिटतात त्याची नोंद करायचा. आपण शाळेत शिकलेली ओष्ठ्य व्यंजनं आठवा : प, फ, ब, भ, म. पडद्यावर ओठ मिटलेले दिसत असतील तर तिथे भाषांतरकारानं प, ब किंवा म असलेला शब्द बसवायला हवा. नाही बसला तर प्रेक्षकाला काहीतरी खटकतंच. संवाद लिहिणारा अर्थ, विनोद आणि ओठ अशा तिन्ही गोष्टी एकाच वेळी सांभाळत असतो.

मग येतो नट. तो एका आडव्या दांड्यापाशी उभा राहतो. एक डोळा पट्टीवर, एक डोळा पात्राच्या चेहऱ्यावर, आणि तरी वाक्य वाचल्यासारखं वाटता कामा नये. पाठांतराला वेळ नसतो. तिथल्या तिथे रागवायचं, तिथल्या तिथे रडायचं. रंगमंचावर तावूनसुलाखून निघालेले नटच या दांड्यापाशी टिकत. कारेल तिथे अनेक दशकं उभा राहिला.

अ‍ॅस्टेरिक्सचं गणित मात्र उलटं. त्यातले बहुतेक चित्रपट मुळातच फ्रेंच. तिथे आवाज आधी आणि चित्र मागाहून. पात्राचे ओठ नटाच्या बोलण्यावर बेतून काढतात. अ‍ॅस्टेरिक्सच्या चेहऱ्यावर कारेलचं बोलणं उतरलंय, आणि केरमिटच्या वेळी कारेलनं बाहुल्याच्या तोंडाशी आपलं बोलणं जुळवलंय. दोन्ही कामं येणारे नट असतात, पण दोन्हींत असा ठसा उमटवणारे थोडे.

अजगर आणि अस्वल

डिस्नेच्या ‘जंगल बुक’मध्ये मूळ इंग्रजीत अजगराला आवाज होता स्टर्लिंग हॉलोवे या नटाचा. मधासाठी हपापलेल्या विनी द पूलाही तोच बोलता करायचा. आणि फ्रेंचमध्ये? का अजगर कारेल, विनीही कारेल! समुद्राच्या दोन्ही बाजूंना त्या भोळ्या अस्वलासाठी आणि त्या लबाड सापासाठी एकच गळा निवडला गेला. ऐकून बघा, दोघांच्या बोलण्यात एक मऊ, ओढलेली लय आहे. एकात ती झोपाळू आहे, दुसऱ्यात घातकी.

कारेलनं त्यावर आणखी मजला चढवला. विनीबरोबरच घाबरट पिगलेट आणि तिरसट ससोबा रॅबिट या दोघांनाही त्यानंच आवाज दिला. म्हणजे मधाच्या बरणीवरून तिघांचं भांडण चाललं असेल तर कारेल स्वतःशीच वाद घालतोय, स्वतःवरच वैतागतोय आणि स्वतःलाच घाबरतोय. मिकी माऊसलाही त्यानं काही काळ आवाज दिला होता, ‘रॉबिनहूड’मधल्या फुसफुसणाऱ्या मंत्री-सापालाही.

जंगलाचा विषय निघालाच आहे तर आपल्याकडची आठवण सांगायला हवी. १९९० च्या दशकात दूरदर्शनवर रविवारी सकाळी लागणाऱ्या ‘जंगल बुक’मधला शेरखान नाना पाटेकर यांच्या आवाजात डरकाळ्या फोडायचा. मूळ मालिका जपानी, पण तो वाघ आपल्याला आपलाच वाटला. आवाज नेमका मिळाला की पात्राचं गावच बदलतं.

नाव बदललं, आवाज नाही

‘स्टार वॉर्स’ १९७७ मध्ये फ्रान्सला गेला तेव्हा भाषांतर करणाऱ्यांनी नावांचं पार बारसंच घातलं. डार्थ व्हेडर झाला ‘दार्क व्हादोर’. हान सोलो झाला ‘यान’. अंतराळयानाच्या नावातल्या ससाण्याचं गिधाड झालं. आर-टू-डी-टू झाला डी-टू-आर-टू. आणि सी-थ्री-पीओ या सोनेरी यंत्रमानवाचं नाव पडलं ‘झेड-सिक्स-पीओ’.

१९९९ पासून नवे भाग आले, तेव्हा यंत्रमानवांना मूळ नावं परत मिळाली. फ्रेंच पोरांच्या दोन पिढ्यांना एकच यंत्रमानव दोन नावांनी माहीत झाला. आवाज मात्र १९७७ ते २००५ या सहाही चित्रपटांत एकच. शिष्टाचाराचा किडा असलेला, संकटाची टक्केवारी सांगत बसणारा हा भित्रा सेवक कारेलनं अशा तऱ्हेनं उभा केला की त्याच्या प्रत्येक तक्रारीत माया जाणवते. २०१५ च्या चित्रपटापासून हे काम झाँ-क्लोद दोंदाकडे गेलं. विनीचा आवाजही त्याच दोंदाकडे गेला. एका माणसाची गादी चालवायला फ्रान्सला एकच माणूस मिळाला, हेही विशेषच.

युद्धाची तीन रूपं

हसवणाऱ्या आवाजांच्या गर्दीत कारेलच्या कारकिर्दीतला एक धागा सहसा कुणी उलगडत नाही. मला तो फार महत्त्वाचा वाटतो.

जर्मन फौजा पॅरिसमध्ये शिरल्या जून १९४० मध्ये. कारेल तेव्हा बारा वर्षांचा. पॅरिस मुक्त झालं २५ ऑगस्ट १९४४ ला. त्याचा सतरावा वाढदिवस होऊन तेव्हा अकरा दिवस झाले होते. म्हणजे त्याचं सगळं पौगंडवय त्याचा देश परक्यांच्या टाचेखाली असताना गेलं.

१९६७ मध्ये, पहिल्या अ‍ॅस्टेरिक्सच्याच वर्षी, तो क्लोद बेरीच्या ‘म्हातारा आणि मूल’ या चित्रपटात पडद्यावर दिसला. ज्यू मुलाला जीव वाचवण्यासाठी खेड्यातल्या एका म्हाताऱ्याकडे ठेवलं जातं. म्हातारा ज्यूंचा द्वेष करणारा आणि मूल ज्यू आहे हे त्याला माहीतच नाही. मिशेल सिमाँनं तो म्हातारा अविस्मरणीय केलाय. कारेलची भूमिका त्यात म्हाताऱ्याचा मुलगा व्हिक्टर याची.

१९६८ मध्ये चॅप्लिनच्या ‘द ग्रेट डिक्टेटर’चं फ्रेंच डबिंग नव्यानं झालं. गरीब ज्यू न्हावी आणि हिटलरची नक्कल असलेला हुकूमशहा, दोघंही चॅप्लिनच. फ्रेंचमध्ये दोघंही कारेल. शेवटचं ते लांबलचक भाषण, ज्यात न्हावी सैनिकांना माणूस व्हायला सांगतो, तेही त्याच्याच वाट्याला आलं. चॅप्लिनचा चेहरा पडद्यावर असताना त्याच्या तोंडी आपला आवाज बसवायचा, ही जबाबदारी किती मोठी!

आणि १९८३ मध्ये ‘पापी फे द ला रेझिस्तांस’ या धमाल विनोदी चित्रपटात त्यानं चक्क जर्मन जनरल म्युलर रंगवला. याच चित्रपटात क्रिस्तियाँ क्लाव्हिएही होता. क्लाव्हिए १९९९ मध्ये हाडामांसाचा अ‍ॅस्टेरिक्स झाला आणि २०१८ मध्ये कारेलनंतर अ‍ॅनिमेशनमधल्या अ‍ॅस्टेरिक्सला आवाज देणारा पहिला माणूसही तोच ठरला. दोन अ‍ॅस्टेरिक्स एकाच चित्रपटात, आणि त्यात अ‍ॅस्टेरिक्सचा संबंधच नाही!

व्याप्त फ्रान्सवर रडवणारा चित्रपट, हुकूमशहाची खिल्ली आणि निखळ प्रहसन. लहानपणी भोगलेल्या काळाला हा माणूस तीन वेगवेगळ्या दारांनी भिडला.

जाता जाता

अगाथा ख्रिस्तीचा बेल्जियन गुप्तहेर पॉयरो डेव्हिड सुशेनं इंग्रजीत अजरामर केला. फ्रेंचमध्ये बरीच वर्षं त्या मिशांमागून कारेल बोलायचा. परग्रहावरून आलेला केसाळ, मांजरांवर डोळा असलेला आल्फही तोच.

आल्बेर बारीए यांच्या ‘एके काळी... माणूस’ या १९७८ च्या मालिकेत तो माएस्त्रो होता. १९८० च्या दशकात आलेल्या ‘एके काळी... जीवन’मध्ये हाच माएस्त्रो शरीराच्या आत गेला आणि लाल पेशी, पांढऱ्या पेशी, जंतू यांची लढाई सांगू लागला. सव्वीस भागांत अख्खं मानवी शरीर. शास्त्र शिकवणारा आवाज पुस्तकी नसावा, प्रेमळ आजोबांसारखा असावा, हे त्या मालिकेला नेमकं कळलं होतं.

फ्रेंच प्रेक्षक आवाजाच्या बाबतीत फार निष्ठावान. ताऱ्याला एकदा एक आवाज मिळाला की शक्यतो तोच राहतो. ‘रॉकी’पासून अनेक वर्षं सिल्व्हेस्टर स्टॅलोन म्हणजे आलें दॉर्व्हाल होता. ब्रूस विलिस म्हणजे पात्रिक प्वावे होता. ‘सिम्पसन्स’मधल्या होमर आणि मार्ज या नवरा-बायकोला आवाज देणारे फिलिप पेतिए आणि व्हेरोनिक ओझ्रो हे मालिकेच्या कामात भेटले आणि खऱ्या आयुष्यातही नवरा-बायको झाले.

२०२० हे वर्ष या दुनियेला फार जड गेलं. मार्चमध्ये अ‍ॅस्टेरिक्सचा चित्रकार उदेर्झो गेला. जूनमध्ये प्वावे. सप्टेंबरात कारेल.

अ‍ॅस्टेरिक्सची पुस्तकं महाराष्ट्रात अनेक घरांत आहेत, बहुतेक इंग्रजी. मुलांना घेऊन एकदा ‘बारा कामगिऱ्या’ फ्रेंच आवाजात लावा, खाली इंग्रजी उपशीर्षकं ठेवा आणि अ-३८ चा प्रसंग येईपर्यंत थांबा. मग शेवटच्या नामावळीत रॉजे कारेल हे नाव शोधून मुलांना दाखवा.